आत काही ठेवू नये: एका कागदी लघुपटाच्या नोंदी

२ जून २०२४

शिलाई मशीन माळ्यावर गेलं, त्याचं टेबल खाली उरलं. आता त्यावर स्टुडिओ. कॅमेरा वरून खाली बघतो. तो अडकवायला भिंतीत दोन ब्रॅकेट ठोकले, शेजारच्या काकू विचारून गेल्या की गीझर बसवताय का.

काय करायचंय ते एकदा लिहून ठेवते, म्हणजे पुढे भरकटले तर परत येता येईल. गिरणी कामगार आजोबांनी लालबागहून गावी पाठवलेली ६१ निळी इनलँड पत्रं आणि २३ मनीऑर्डरची कूपनं आत्याच्या पत्र्याच्या पेटीत आहेत. १९७४ ते १९८३. मे महिन्यात गावी गेले तेव्हा सगळी स्कॅन करून आणली. त्या स्कॅनच्या प्रिंटमधून कापलेल्या कागदाचा लघुपट करायचा. निवेदन नाही, माणसांचे फोटो नाहीत, फक्त कागद, किंचित हलवून दर वेळी एक फोटो काढलेला. लांबी ३ मिनिटं २० सेकंद. पडद्यावर सेकंदाला २४ फ्रेम, पण प्रत्येक फोटो दोनदा वापरायचा, म्हणजे सेकंदाला १२ फोटो. एकूण २४००. दिवसा मी प्रेसमध्ये लग्नपत्रिका लावते, त्यामुळे हातात रात्री आणि शनिवार-रविवार.

नाव आधीच सापडलंय. इनलँडवर छापलेली सूचना असायची, आत काही घालू नका अशी. तेच.

८ जून

पहिली चाचणी. एक निळा चौकोन डावीकडून उजवीकडे, ४८ फोटो. चौकोन छान सरकला, पण सगळं चित्र दिव्याची वात फडफडावी तसं उजळतं-मंदावतं. खिडकीला काळं अस्तर लावलं, तरी तेच.

९ जून

कारणं दोन निघाली. लेन्सचं ॲपर्चर, म्हणजे उजेड आत येण्याचं भोक, कॅमेरा स्वतः मिटवतो आणि दर वेळी केसभर कमी-जास्त मिटवतो. एका फोटोत ते कळत नाही, बारा फोटो एका सेकंदात धावले की कळतं. दुसरं, स्वस्त एलईडी दिवे. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, त्यामुळे असे दिवे सेकंदाला शंभरदा लुकलुकतात, आणि मी शटर १/१२५ सेकंदावर ठेवलं होतं. कधी लुकलुक पकडली जायची, कधी सुटायची.

उपाय: जुनी ५० मिमीची हाताने फिरवायची लेन्स ॲडॅप्टर घालून बसवली, ॲपर्चर एफ ८ वर ठेवलं आणि रिंगला चिकटपट्टी मारली. शटर अर्धा सेकंद. व्हाइट बॅलन्स, फोकस, सगळं हाताने बांधून टाकलं. आता उजेड गप्प बसला.

फाळक्यांनी १९१२ मध्ये वाटाण्याचं रोप वाढताना एकेक फ्रेम घेत चित्रित केलं होतं आणि ती फिल्म दाखवून पुढच्या चित्रपटासाठी भांडवल उभं केलं होतं. फडफडणारा चौकोन बघताना तेच डोक्यात होतं. त्यांच्याकडे दिवेही आजच्यासारखे नव्हते आणि फोटो लगेच बघायची सोयही नव्हती. माझी तक्रार इथेच संपवते.

२२ जून

पाऊस लागला. कागद फुगायला लागला. रात्री साडेनऊला ठेवलेला तुकडा अकरापर्यंत एका कडेनं उचलला जातो, सावली पडते आणि चित्रात त्याला मिशी फुटल्यासारखी दिसते. काचेखाली दाबला तर सपाट होतो, पण मग दर फोटोला काच उचला, तुकडा हलवा, काच ठेवा, धूळ पुसा. तासाला साठ फोटोंवरून पंचवीसवर आले.

प्रेसमधल्या कटिंगवाल्या मामांना विचारलं. म्हणाले, "ताई, कागदाला दोन दिवस त्याच खोलीत राहू द्या, मग कापा. पाहुणा आल्या आल्या कामाला लावता होय?" आम्हीही रीम आली की लगेच मशीनवर चढवत नाही, हे मला कळायला हवं होतं.

६ जुलै

आजोबांची चाल. आधी सांधे असलेली बाहुली केली: डोकं, धड, दंड, हात, मांड्या, पोटऱ्या, एकूण दहा तुकडे, मागून दोऱ्याच्या गाठी. जर्मनीत लोटे रायनिगर यांनी पुठ्ठा आणि शिशाच्या पातळ पत्र्याच्या अशाच सांधेदार आकृत्या कापून, खालून उजेड दिलेल्या काचेवर त्या तसूतसूने हलवून, १९२६ मध्ये पूर्ण लांबीचा छायापट पुरा केला. तीन वर्षं लागली होती. माझा तीन तासांत धीर सुटला. ७५ जीएसएमच्या (दर चौरस मीटरला ७५ ग्रॅम) पातळ कागदाला दोऱ्याची गाठ सोसत नाही, गुडघा हलवला की खांदा सरकतो, आजोबा दारू पिऊन आल्यासारखे चालतात. (कधी घेत नसत.)

मग बाहुली सोडली. आठ वेगवेगळे आजोबा कापले, आठ पवित्र्यांचे, आणि एक उचलून दुसरं ठेवायचं असं केलं. चप्पल, धोतर, हातात पिशवी. ३६ फोटो, तीन सेकंद. आठही आकृत्या किंचित वेगळ्या कापल्या गेल्यात, त्यामुळे बाह्यरेषा थरथरते. थरथर ठेवली. सुबक करायला बसले असते तर ती पत्रिकेवरच्या गणपतीसारखी दिसली असती, आणि ते काम मी दिवसभर करतेच.

१३ जुलै

मोठी अडचण. आत्तापर्यंत सगळं स्कॅनच्या रंगीत प्रिंटवर चाललंय. कात्रीने कापलं तर ठीक, पण हाताने फाडलं की कड पांढरी येते, कारण निळा फक्त वर छापलेला, पोटात कागद पांढराच. खऱ्या इनलँडचा कागद आतूनही निळा. फाडला की कडेला निळाच तंतू दिसतो. शिवाय तो इतका पातळ की दोन तुकडे एकावर एक आले की तिसरा, गडद निळा तयार होतो. प्रिंटमध्ये यातलं काहीच नाही.

पोस्टातून नवी इनलँड आणली, पंचवीस. रंग वेगळा, कागद वेगळा.

खरी पत्रं कापावीत, असा विचार प्रथमच आला आणि लगेच वाईटही वाटलं. आज लिहून ठेवते, विचार नंतर.

२७ जुलै

खळ आंबली. कणकेची खळ शिजवताना मोरचूद घालायचं विसरले. बाइंडर लोक चिमूटभर घालतात म्हणूनच जुन्या वह्यांना बुरशी लागत नाही. वास घेऊन झुरळ आलं, थेट गिरणीच्या धुराड्यावर, आणि मला ते तीन फोटो घेऊन झाल्यावर दिसलं. फोटो सलग चालवून पाहिले तर पाव सेकंद धुराड्यातून काहीतरी जिवंत निघाल्यासारखं वाटतं. काढू की ठेवू? ठेवते.

नवी खळ, मोरचूद घालून. हातमोजे घालायचे, ते विष आहे.

१० ऑगस्ट

आतापर्यंतची सत्तर सेकंदं सलग पाहिली. वाईट आहेत. कापणं वाईट नाही, हालचालही जमू लागलीय: तुकडा सुरुवातीला १ मिलिमीटर, मग २, ४, ६, मग परत ४, २, १ असा सरकवला की त्याला वजन येतं, हे हातात बसलं. पण विषय कुठेच नाही. धुराडं, गर्दी, आगगाडी, गावची बाई दारात उभी. गिरणगाव म्हटलं की जे जे डोळ्यासमोर येतं ते सगळं रांगेत उभं केलंय. सरकारी खात्याच्या जाहिरातीसारखं. माणूस साठ पत्रांतून काय बोलला, ते नाही.

काम बंद. गणपतीला गावी जाईन तेव्हा बघू.

५ सप्टेंबर

रात्रीची गाडी. डब्यात उभं राहायला जागा नाही, पण चाकरमान्याला त्याचं काय. बॅगेत कात्री, कटर, मोठी फोलिओ फाइल. घेतली तेव्हा स्वतःलाच म्हटलं, फक्त दाखवायला.

१० सप्टेंबर

गौरी आल्या. घरभर बायका. दुपारी जरा शांत झाल्यावर आत्याने पेटी उघडली आणि मी विचारलं, आत्ये, यातली काही कापली तर चालतील का?

ती बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "काप गो. कोरा आसा ता काप. अक्षराक हात लावू नको."

मला वाटलं ही परवानगी म्हणजे नकारच. इनलँडवर कोरं ते काय असतं? आजोबा तर समासातही आडवं लिहीत. पत्ता लिहायच्या बाजूच्या घडीवरही दोन ओळी, "पाऊस किती झाला ते कळवणे".

मग पत्रं तारखेनं लावली. १९७४ पासून १९८१ पर्यंत खरंच जागा नाही. बोटभर पट्टी वाचली तर खूप. १८ जानेवारी १९८२ ला संप सुरू झाला. मुंबईतले अडीच लाखांच्या आसपास गिरणी कामगार, नेते डॉ. दत्ता सामंत, आणि तो संप रीतसर मागे घेतला असं कधी झालंच नाही. आजोबांची त्यानंतरची पत्रं नऊ. पहिलं पत्र अर्धं भरलेलं. मार्चमधलं पाच ओळींचं. जूनमधलं असं: वर "आशीर्वाद", मग "पत्रास कारण की, अजून काही ठरलेले नाही", मग "कळावे". बाकी निळं.

मनीऑर्डरची कूपनं त्याच सुमारास थांबतात.

म्हणजे जिथे ते बोलायचे थांबले, तिथेच मला कापायला कागद मिळणार.

११ सप्टेंबर

आत्याने आणखी एक सांगितलं, तेही भाजी निवडता निवडता. आजीला वाचता येत नव्हतं. पत्र आलं की आत्या वाचून दाखवायची. संपाच्या वर्षात ती वीस वर्षांची. "तीन वळी वाचून थांबलंय तर आई तोंडाकडे बघत रवायची. मगे मी माझ्या मनान पुढे वाचलंय."

काय वाचायचीस? तर काहीही. खोलीतल्या मंडळींची तब्येत बरी आहे. खानावळवाली अजून उधार देते. तांबड्या गायीला वासरू झालं का, विचारलंय. आजोबांनी गायीचं कधीच काही विचारलं नव्हतं, पण आजीला तेवढ्यावर दोन दिवस निघायचे. आजोबा १९८३ ला कायमचे गावी आले तेव्हा आजी त्यांना म्हणाली म्हणे, तुम्ही पत्रात गायीची फार चौकशी करायचात. ते आत्याकडे बघून गप्प बसले.

फोनवर हे सगळं रेकॉर्ड केलं. मागे आरतीच्या झांजा आहेत, असू देत.

१३ सप्टेंबर

कुडाळजवळ पिंगुळीला जाऊन आले. ठाकर मंडळींची चित्रकथी तिथेच जिवंत राहिलीय. परशुराम गंगावणे यांना याच कामासाठी २०२१ मध्ये पद्मश्री मिळाली, त्यांच्या घरच्या संग्रहालयात जुन्या पोथ्या आहेत. चित्रकथीची पोथी म्हणजे सुट्या चित्रांची चळत. चित्रं कागदावर, दोन-दोन पाठीला पाठ लावून चिकटवलेली, म्हणजे पान उलटलं की पुढचा प्रसंग. सांगणारा एकेक चित्र समोर धरतो, वीणा आणि हुडुका या तालवाद्याच्या साथीवर गातो-सांगतो, चित्र बदलतो.

मी इतके दिवस कागद हलवण्याच्या मागे लागले होते. इथे कागद हलत नाही. एका चित्रावर तो पाच मिनिटं बोलतो आणि तुम्हाला रावण उठून उभा राहिलेला दिसतो.

आत्यानेही तेच केलं, हे परतीच्या एसटीत लक्षात आलं. निळा कागद समोर धरलेला, आणि त्यावर नसलेली गाय.

२१ सप्टेंबर

डोंबिवली. नऊ पत्रांतला कोरा भाग मोजला. अक्षरांपासून एक सेंटिमीटर सोडून कापायचं ठरवलं. सगळा मिळून साधारण एका जुन्या चांदोबाच्या दोन-अडीच पानांएवढा कागद. संबंध लघुपटासाठी एवढंच खरं निळं. बाकीचं सगळं रद्दीतून: कॅलेंडरची पाठ, साडीच्या खोक्याचा पुठ्ठा, पत्रिकांची प्रेसमधली कातरणं.

पहिला काप घालायला चाळीस मिनिटं लागली. कटरचं पातं नवीन घातलं. नंतर बघते तर श्वास रोखून धरला होता.

आधीची सत्तर सेकंदं जवळपास सगळी काढली. आगगाडी गेली, दारातली बाई गेली. चालणारे आजोबा आणि झुरळवालं धुराडं राहिलं.

२८ सप्टेंबर

संपाचा भाग. १९ सेकंद, २२८ फोटो, सहा रात्री. पडद्यावर फक्त निळे तुकडे. एकेक येतो, शेजारच्याच्या किंचित वर चढतो, जिथे चढतो तिथे गडद होतो. कोणता आकार होतोय ते शेवटपर्यंत कळू द्यायचं नाही, बंद फाटक म्हणा, कोरं पान म्हणा. दर फोटोला १ मिलिमीटर, त्याहून जास्त नाही. चौथ्या रात्री वीज गेली, परत आली तेव्हा दिवा आधीपेक्षा मंद. ९६ व्या फोटोपासून चित्र जरा काळवंडतं. पुन्हा करायला कागद नाही, एकेका तुकड्याला चिमट्याचे वळ पडलेत. काळवंडलेलं चालवते.

चिमट्याबद्दल: टपाल तिकिटं जमवणाऱ्यांचा चपट्या टोकाचा चिमटा घ्या. भुवयांचा कागदाला टोचतो.

६ ऑक्टोबर

आवाज. गिरणीचा भोंगा कुठूनही आणायचा नाही, कागदातूनच काढायचा असं ठरवलं होतं. पोस्टकार्डाची नळी करून फुंकली तर बदक बोलतं. शेवटी पतंगाचा कागद कंगव्यावर ताणून गुणगुणले, लहानपणी करायचो तसं, आणि ते रेकॉर्डिंग चौपट हळू केलं. भोंगा नाही, पण भोंग्याची आठवण म्हणून खपेल. मागांचा खडखडाट म्हणजे पत्रिकांच्या गठ्ठ्यावरून अंगठा. संपाच्या भागात दोन्ही बंद.

आणि मग आत्याचा आवाज, पंधरा सेकंद: खोलीतली मंडळी, खानावळ, गाय. "निवेदन नाही" असं जूनमध्ये लिहिलं होतं. हे निवेदन नाही, वाचन आहे, असं मी स्वतःला समजावलंय.

१९ ऑक्टोबर

गाय हवी होती. आकृती कापून पाहिली तर बालभारतीतली गाय आली. टाकली. मग काचेचे तीन मजले केले: ५ मिमीच्या तीन काचा, मध्ये स्टीलचे डबे ठेवून आठ-आठ सेंटिमीटर अंतर. खालच्या काचेवर जूनचं ते पत्र, अख्खं, न हलवता. मधली रिकामी. वरच्या काचेवर कॅलेंडरच्या पाठीतून फाडलेला मोठा तांबूस तुकडा, कॅमेऱ्याला इतका जवळ की फोकसमध्ये येतच नाही. आत्या "वासरू" म्हणते तेव्हा तो तांबूस धब्बा पत्रावरून हळूच पलीकडे जातो. गाय आहे की नाही ते बघणाऱ्याने ठरवावं.

काचेत माझंच प्रतिबिंब येत होतं. काळा टॉप घातला, कॅमेऱ्याभोवती काळा पुठ्ठा लावला, लेन्सपुरतं भोक. तरी एका फोटोत बांगडी चमकलीय.

२ नोव्हेंबर

दिवाळी. काम नाही. कंदिलाला उरलेला घोटीव कागद वापरला.

१६ नोव्हेंबर

जोडून झालं. २ मिनिटं ४८ सेकंद, फोटो दोन हजार सोळा. ३:२० चं स्वप्न कागदानेच आटोपतं घेतलं. बांगडी पुसली नाही.

१७ नोव्हेंबर

चुलतभावाच्या फोनवर आत्याला पाठवलं. तासाभराने तिचा फोन. आधी विचारलं, जेवलंस काय. मग म्हणाली, आवाज माझो बरो इलोहा. झांजा मोठ्या झाल्यात. गायीबद्दल काहीच नाही. मी विचारलंही नाही.

फोन ठेवता ठेवता म्हणाली, "बाबा इतके सावकाश नाय चलायचे. त्येंका कायम घाय."

बरोबर आहे. चालणाऱ्या आजोबांचे ३६ फोटो दोन-दोनवर आहेत, म्हणजे प्रत्येक दोन फ्रेम दिसतो. ते एकेकावर आणले की तीन सेकंदांची चाल दीड सेकंदात होईल. मग पुढचा आवाज दीड सेकंद अलीकडे सरकवावा लागेल, भोंगा आखूड करावा लागेल. उद्या रात्री.

पत्रं परत द्यायच्या फाइलमध्ये तारखेनं लावली. कापलेल्या नऊ पत्रांच्या खिडक्यांतून मागचं पत्र दिसतं. उरलेले निळे तुकडे पाकिटात घातले, तेही आत्याकडे जातील. ते इनलँड नाही, साधं पाकीट आहे.